डरहम, १९७१: क्लानचा म्होरक्या आणि अ‍ॅन अ‍ॅटवॉटर एकाच कमिटीवर

केरीकर_केशव (धागालेखक)

'संवाद साधा' हा सल्ला ऐकला की हल्ली माझं डोकं फिरतं. अमेरिकेत निवडणूक जवळ आली की वर्तमानपत्रांपासून ऑफिसच्या एचआरपर्यंत जो तो हाच सल्ला देत सुटतो. मग आपल्या मंडळींच्या पॉटलकमध्ये (प्रत्येकानं एकेक पदार्थ आणायची पार्टी) बटाटेवड्याची प्लेट हातात धरून 'लाल' (रिपब्लिकन) आणि 'निळे' (डेमोक्रॅट) संवाद साधायला लागतात आणि पुढचे सहा महिने दोन घरांचं जाणंयेणं बंद होतं.

नॉर्थ कॅरोलिनातल्या आमच्या केरी गावापासून अर्ध्या तासावर डरहम आहे. रिसर्च ट्रँगल या संशोधन-तंत्रज्ञानाच्या पट्ट्यात नोकरीला असलेले निम्मे मराठी लोक रोज त्याच्या आसपास फिरतात. तिथं १९७१च्या उन्हाळ्यात घडलेली गोष्ट बऱ्याच जणांना माहीत नसते, किंवा २०१९ मध्ये आलेल्या सिनेमामुळे गोड होऊन माहीत असते.

आधी पार्श्वभूमी, थोडक्यात. काळ्या आणि गोऱ्या मुलांच्या वेगळ्या शाळा घटनाबाह्य आहेत असा सुप्रीम कोर्टाचा निकाल १९५४चा. डरहममध्ये १९७० उजाडलं तरी शाळा बहुतेक होत्या तशाच. शेवटी कोर्टाचा बडगा आला आणि गाव पेटायच्या बेताला आलं. त्या वेळी राज्याच्या कामगार महासंघाला ७८ हजार डॉलरचं सरकारी अनुदान मिळालं. त्यातून शाळांच्या प्रश्नावर 'शरेट' भरवायचं ठरलं. शरेट म्हणजे सगळ्या गावानं एका जागी जमायचं, दहा दिवस सकाळपासून रात्रीपर्यंत बसायचं आणि शेवटी ठराव करून स्कूल बोर्डापुढे ठेवायचे. संयोजक होता बिल रिडिक, तरुण आणि काळा. त्यानं अध्यक्षपदी दोघांना बसवलं. एक अ‍ॅन अ‍ॅटवॉटर, दुसरा सी. पी. एलिस.

एलिस हा डरहमच्या कू क्लक्स क्लानचा, म्हणजे काळ्यांवर दहशत बसवणाऱ्या गोऱ्यांच्या संघटनेचा, म्होरक्या. आणि अ‍ॅटवॉटरबाई? याच एलिसची बडबड ऐकून एकदा सभेत पर्समधून चाकू काढून त्याच्या अंगावर जायला निघाल्या होत्या. शेजारी बसलेल्या पाद्रीबुवांनी आवरलं म्हणून बरं.

एलिसबद्दल जरा सविस्तर लिहितो, कारण सगळी मेख तिथंच आहे. बाप कापडगिरणीत राबून अकाली गेला. पोरानं आठवीत शाळा सोडली. पुढे कर्ज काढून पेट्रोल पंप घेतला, आठवडाभर मरमर काम करायचा, तरी महिनाअखेरीला खिसा रिकामा. चार मुलं, त्यातलं एक जन्मतः अंध. आपलं चुकतंय कुठं हे कळेना, आणि क्लाननं उत्तर हातात आणून दिलं: काळ्यांमुळे. दीक्षेच्या रात्री सभागृहभर टाळ्या पडल्या तेव्हा आयुष्यात पहिल्यांदा आपण कोणीतरी आहोत असं वाटलं, असं त्यानं पुढे एका लांबलचक मुलाखतीत सांगितलंय.

त्याच मुलाखतीतला दुसरा किस्सा मला जास्त महत्त्वाचा वाटतो. नगर परिषदेतले प्रतिष्ठित गोरे सदस्य रात्री याला फोन करायचे. उद्या सभेत काळे येणार आहेत, तुझी माणसं घेऊन ये. हा जायचा, आरडाओरडा करायचा, त्यांचं काम व्हायचं. एके दिवशी भर बाजारात त्यातलाच एक सभ्य गृहस्थ समोरून येताना दिसला. एलिसला वाटलं, आता हात मिळवणार. तो गृहस्थ रस्ता ओलांडून पलीकडच्या फुटपाथवर गेला. एलिसच्या डोक्यात किडा शिरला तो इथं, अ‍ॅटवॉटरबाई भेटायच्या कितीतरी आधी.

शरेटच्या सुरुवातीला हा उठून म्हणाला की शाळांमध्ये काळी मुलं नसती तर काही प्रश्नच नव्हता. सगळे चिडले. पण एक काळा माणूस उभा राहिला आणि म्हणाला की आज इथं सगळ्यात प्रामाणिक हाच बोलला. एलिसला हे पूर्णपणे अनपेक्षित होतं.

पुढचे दिवस सोपे गेले नाहीत. एलिसनं सभागृहाबाहेर क्लानच्या सामानाचं प्रदर्शन मांडलं. काळी पोरं ते उधळायला निघाली तर अ‍ॅटवॉटरबाई आडव्या उभ्या राहिल्या: हा माणूस कुठून आलाय ते आधी नीट वाचा. गॉस्पेलची (काळ्यांच्या चर्चमधली) गाणी झाली तेव्हा एलिसला ताल सापडेना, भलत्याच ठिकाणी टाळी पडायची. बाईंनी त्याचा हात धरून टाळी कुठे द्यायची ते शिकवलं.

आणि मग दोघं एकदा बोलायला बसले. वर्णद्वेषावर वगैरे मुळीच नाही, पोरांवर. तुझा बाप त्या काळीबरोबर बसतो म्हणून एलिसच्या पोरांना शाळेत टोमणे, तुझी आई क्लानवाल्याबरोबर बसते म्हणून अ‍ॅटवॉटरच्या पोरींना टोमणे, आणि टोमणे मारणाऱ्यांत शिक्षकसुद्धा. गरिबाच्या पोराला शाळा कशी वागवते हे दोघांनी आयुष्यभर पाहिलेलं होतं, फक्त शहराच्या दोन टोकांना. दोघंही रडले.

शेवटच्या दिवशी एलिसनं सगळ्यांसमोर क्लानचं सदस्यत्वाचं कार्ड फाडलं.

आता माझं म्हणणं. हे 'संवादा'मुळे झालं नाही. या दोघांना एकमेकांना समजून घ्यायला कोणी बोलावलंच नव्हतं. शाळेचं काय करायचं, ठराव काय लिहायचा, हे काम समोर होतं. काम दोघांच्या पोरांचं होतं आणि खुर्च्या एकाच उंचीच्या होत्या. शिवाय पळून जायला जागा नव्हती. यातलं काहीच आपल्या पॉटलकमध्ये नसतं. तिथं मत मांडायचं आणि घरी जायचं, एवढंच. तुम्हाला काय वाटतं?

पाटावरचा_पोपट

पॉपकॉर्न घेऊन बसलो आहे. चाकूचा किस्सा भारी.

सावित्रीची_लेक

केशवराव, लिहिलंय छान, पण माझी हरकत नोंदवून ठेवा. या गोष्टीत सगळा प्रकाश एलिसवर पडतो. तुमच्याच धाग्यात बघा: एलिसचा बाप, पंप, मुलं, अपमान, सगळं आलं. अ‍ॅटवॉटरबाईंच्या वाट्याला काय? एक चाकू आणि एक टाळी.

बाई नवऱ्यामागोमाग डरहमला आल्या, नवरा सोडून गेला, दोन मुली पदरात. गोऱ्यांच्या घरची धुणीभांडी करून मोडक्या भाड्याच्या घरात दिवस काढले. साठच्या दशकात हॉवर्ड फुलर या कार्यकर्त्यानं त्यांना गरिबी-निर्मूलनाच्या कामात ओढलं. बाईंनी सरकारी मदतीचे नियम मुळापासून वाचून काढले आणि ऑफिसात जाऊन, टेबलावर हात आपटून, एकेका भाडेकरणीचा हक्क वसूल केला. म्हणजे शरेटला आल्या तेव्हा त्या मुरलेल्या संघटक होत्या, एलिसच्या शेजारी नशिबानं बसलेली गरीब बाई नव्हे. प्रदर्शन वाचवणं हा मनाचा मोठेपणा होता हे खरं. पण डावपेचही होता, असं मला वाटतं.

आणि 'गाव पेटायच्या बेताला आलं' असं एका ओळीत उरकू नका. डरहमची हायटी ही काळ्यांची वस्ती एके काळी दुकानं, थिएटरं, चर्चं यांनी गजबजलेली होती. पॅरिश स्ट्रीटला तर 'ब्लॅक वॉल स्ट्रीट' म्हणत. १८९८ साली सुरू झालेली नॉर्थ कॅरोलिना म्युच्युअल ही विमा कंपनी तिथलीच. साठच्या दशकात 'नगर-सुधारणे'च्या नावाखाली हायटीतून फ्रीवे काढला आणि वस्तीचा चक्काचूर झाला. ऑफिसला जाताना तुम्ही ज्या १४७वरून गाडी हाकता, तोच तो रस्ता. खुर्च्या एका उंचीच्या होत्या म्हणता. त्या खोलीत असतील. खोलीबाहेर नव्हत्या.

केरीकर_केशव

ताई, प्रकाशाचा मुद्दा मान्य. फक्त एलिसवर जास्त लिहिण्यामागे माझं कारण आहे. आपल्यापैकी बहुतेक जण स्वतःला अ‍ॅटवॉटरच्या जागी कल्पून गोष्ट वाचतात. मला आपण एलिसच्या जागी, किंवा त्याहून वाईट म्हणजे रस्ता ओलांडणाऱ्या त्या गृहस्थाच्या जागी असू अशी शंका आहे.

वऱ्हाडी_ठेचा

आता कसं बोललात! आमच्या इकडं याले 'दुसऱ्याच्या खांद्यावर बंदूक' म्हणतात बावा. गरीब गोऱ्याले गरीब काळ्यावर सोडायचं अन् आपण कंट्री क्लबात बसायचं. शाळा मिसळल्या तरी पैसेवाल्याची पोरं खासगी शाळेत नाहीतर गावाबाहेर. मिसळायचं कोणी, तर एलिसच्या अन् अ‍ॅटवॉटरच्या पोरायनं. भांडण जातीचं दिसते, हिशोब पैशाचा असते.

निरंजन_पुणे

सगळाच हिशोब पैशाचा असता तर गरीब गोरे आणि गरीब काळे कधीच एक झाले असते. तसं झालेलं नाही, कारण गोरेपण ही स्वतंत्र मिळकत आहे. खिसा रिकामा असला तरी ती शिल्लक राहते. आपल्याकडच्या जातीचंही तसंच.

अवांतर नाही म्हणून लिहितो: हा दुवा जुना आहे. जोतीराव फुल्यांनी १८७३ साली 'गुलामगिरी' अर्पण केली ती अमेरिकेत गुलामांना मुक्त करण्यासाठी झटणाऱ्या सज्जनांना. १९४६ मध्ये डॉ. आंबेडकरांनी काळ्यांचे नेते आणि विचारवंत डब्ल्यू. ई. बी. ड्युबॉइस यांना पत्र लिहून अमेरिकेतल्या काळ्यांच्या वतीनं संयुक्त राष्ट्रांकडे केलेल्या अर्जाची प्रत मागितली, आणि ड्युबॉइस यांचं उत्तरही आलं. डरहमच्या शरेटनंतर वर्षभरात मुंबईत दलित पँथर उभी राहिली, आणि तिचं नावच मुळी अमेरिकेतल्या ब्लॅक पँथरवरून. तेव्हा 'अमेरिकेतल्या भांडणाशी आपला काय संबंध' असं म्हणणाऱ्यांनी जरा दमानं घ्यावं.

मेधा_मॉरिसव्हिल

निरंजन, संबंध त्याहून जवळचा आहे. १९६५चा इमिग्रेशन कायदा झाला म्हणून आपल्या आधीच्या पिढीला इथं यायला मिळालं, आणि तो कायदा नागरी हक्क चळवळीच्या लाटेवरच आला. त्याआधी १९२३ साली याच देशाच्या सुप्रीम कोर्टानं भगतसिंग थिंड यांना 'तुम्ही गोरे नाही' म्हणून नागरिकत्व नाकारलं होतं. आता आपल्या पार्ट्यांमध्ये काळ्या लोकांसाठी जो शब्द सर्रास वापरला जातो तो मी इथं लिहीत नाही. सगळ्यांना माहीत आहे. पोरांसमोर वापरतात. पोरं इथल्या शाळेत शिकलेली, ती मान खाली घालून ताटातलं चिवडत बसतात.

ओहायोचा_ओंकार

राजकीय दरीबद्दल थोडं. २०१६च्या निवडणुकीनंतर लगेच, डिसेंबरमध्ये, आमच्या ओहायोत साउथ लेबनन इथं ट्रंपचे १० आणि हिलरींचे ११ मतदार शनिवार-रविवार एकत्र बसवले होते. त्यातून पुढे 'ब्रेव्हर एंजल्स' ही संस्था निघाली. बैठकांची रचना बिल डोहर्टी यांनी केली. ते जोडप्यांचं समुपदेशन करणारे. त्यांची एक युक्ती मला फार आवडते. दोन्ही गटांनी वेगळ्या खोलीत बसून 'लोक आपल्याबद्दल काय काय बोलतात' याची यादी करायची. मग प्रत्येक आरोपापुढे दोन गोष्टी लिहायच्या: यात खोटं काय, आणि यात खऱ्याचा अंश किती. ती यादी दुसऱ्या गटासमोर वाचायची. स्वतःच स्वतःच्या बाजूचं थोडं वस्त्रहरण केल्यावर समोरच्यालाही जोर चढत नाही.

मी एका बैठकीला गेलो होतो. उपयोग झाला का? शेजारचे आजोबा, पक्के रिपब्लिकन, त्यांच्याशी आता बोलणं होतं. मत दोघांनीही बदललेलं नाही. पण केशवरावांचा मुद्दा तिथं जाणवतो. बैठक संपली की पुढं करायचं काही नसतं. ठराव नाही, बोर्ड नाही.

शाळामास्तरीण

'काम' या शब्दावर माझी टाळी (बरोबर तालावर). १९७१ हेच वर्ष, गाव ऑस्टिन, टेक्सस. तिथंही शाळा नुकत्या मिसळल्या होत्या आणि वर्गात रोज मारामाऱ्या. एलियट अ‍ॅरन्सन या मानसशास्त्रज्ञाला बोलावलं. त्यांनी पाहिलं की वर्गात चालतं काय, तर बाईंनी प्रश्न विचारायचा आणि तीसेक पोरांनी हात वर करून एकमेकांवर कुरघोडी करायची. यात एखादं मेक्सिकन पोर अडखळलं की बाकीच्यांना आनंदच.

त्यांनी पाच-सहा पोरांचे मिश्र गट केले आणि धड्याचे तुकडे करून एकेक तुकडा एकेकाला दिला. उदाहरणार्थ, एखाद्याचं चरित्र असेल तर बालपण एकीकडे, शिक्षण दुसऱ्याकडे. परीक्षा सगळ्या धड्यावर. आता त्या अडखळणाऱ्या पोराला चिडवलं तर नुकसान आपलंच, कारण त्याचा तुकडा त्याच्याशिवाय कोणाकडेच नाही. मग पोरं त्याला नीट प्रश्न विचारायला शिकतात. 'सर्वांशी प्रेमानं वागा' हे फळ्यावर एकदाही लिहावं लागत नाही.

मी हे वर्गात करते. पहिले दोन आठवडे नुसता गोंधळ असतो, हेही सांगून ठेवते. हुशार पोरांचे आईबाप तक्रार घेऊन येतात. त्यात आपले देसी आघाडीवर.

सांख्यिकी_सखाराम

धागा वाचून बरं वाटतंय, पण बादलीभर थंड पाणी ओततो. या विषयावर प्रत्यक्ष प्रयोग झालेत.

इराकमध्ये आयसिसच्या धुमाकुळानंतर सलमा मूसा यांनी विस्थापित ख्रिश्चनांच्या फुटबॉल संघांपैकी काहींमध्ये मुस्लिम खेळाडू घातले (निष्कर्ष २०२०चे). मिश्र संघातले खेळाडू पुढच्या हंगामातही मिश्र संघात नाव नोंदवायला तयार, सराव एकत्र, खिलाडूपणाच्या बक्षिसासाठी दुसऱ्या संघातल्या मुस्लिम खेळाडूलाही मत. पण मुस्लिमबहुल मोसुलच्या हॉटेलात जेवायला जाणं, मिश्र समारंभाला जाणं, यात फरक नाही. मैदानातलं मैदानातच राहिलं.

दुसरा आपल्याकडचा. मॅट लो यांनी उत्तर प्रदेशच्या खेड्यांत वेगवेगळ्या जातींच्या तरुणांच्या क्रिकेट लीग भरवल्या. कोण कोणाच्या संघात हे चिठ्ठी टाकल्यासारखं ठरवलेलं. एकाच संघात खेळलेल्यांमध्ये जातीपलीकडची मैत्री वाढली. समोरासमोरच्या संघात असले की उलट परिणाम. म्हणजे नुसतं भेटणं पुरत नाही, कोणत्या बाजूनं भेटता ते महत्त्वाचं. गॉर्डन ऑलपोर्ट यांनी १९५४ मध्ये हेच मांडलं होतं: बरोबरीचा दर्जा, सामाईक ध्येय, सहकार्य आणि वरच्यांचा पाठिंबा. डरहमच्या त्या खोलीत हे चारही होते. एका माणसाचं कार्ड फाटलं. क्लानच्या बाकीच्यांचं काय?

सावित्रीची_लेक

बाकीच्यांनी एलिसला गद्दार ठरवलं, फोनवरून धमक्या दिल्या. जुने मित्र कायमचे तुटले. आणि शाळांचं म्हणाल तर गोरी कुटुंबं शहराच्या हद्दीबाहेर जात राहिली. शहराच्या आणि काउंटीच्या शाळा एक व्हायला १९९२ उजाडलं.

तरी एलिसच्या बाजूनं एक सांगते, नाहीतर तुम्ही मला एकांगी म्हणाल. त्याचं पुढचं आयुष्य कार्डापेक्षा मोठं आहे. तो कामगार संघटनेत शिरला, आणि बहुसंख्य काळे सभासद असलेल्या संघटनेची निवडणूक जिंकून पूर्णवेळ पदाधिकारी झाला. मार्टिन लूथर किंग यांच्या जयंतीची भरपगारी सुटी कमी पगाराच्या काळ्या बायकांना करारात मिळवून दिली, ती यानंच. त्यांच्या मैत्रीला मी डोक्यावर घेत नाही. या सुटीला घेते. २००५ मध्ये तो गेला तेव्हा अंत्यविधीला अ‍ॅटवॉटरबाई पुढच्या रांगेत जाऊन बसल्या. तिथल्या माणसानं हटकलं तर म्हणाल्या, हा माझा भाऊ.

मेधा_मॉरिसव्हिल

आता कडू बोलते. आमच्या वेक काउंटीनं (केरी हिच्यातच येतं) २००० साली ठरवलं होतं की कोणत्याही शाळेत सवलतीच्या जेवणाची मुलं ४० टक्क्यांपेक्षा जास्त असू नयेत. म्हणजे गरिबी एका शाळेत साचू द्यायची नाही. त्यासाठी वस्त्यांचे 'नोड' पाडून पोरं इकडची तिकडे पाठवायची. २००९च्या स्कूल बोर्ड निवडणुकीत बहुमत फिरलं आणि २०१० मध्ये ते धोरण मोडीत काढलं. त्या काळात आपल्या किती लोकांनी धोरणाच्या बाजूनं एक ईमेल तरी पाठवली? मी ऐकलं ते फक्त 'आमचा नोड हलवला तर घराची किंमत पडेल'. राहायचं केरीत, आणि डरहमच्या गोष्टीवर डोळे पुसायचे.

एक_बाप

मेधाताई, थोडं ऐकून घ्या. मी 'नोड हलवू नका' म्हणणाऱ्यांतला आहे. धाकटा सहा वर्षांचा. नव्या शाळेची बस पहाटे, अंधारात. बायको शिफ्टमध्ये, मी क्लायंटच्या कॉलवर. दोन वर्षांत दोनदा शाळा बदलली, पोरगा रात्री झोपेत दचकायचा. घर कर्जाचं, व्हिसा टांगणीला. यात मी कुठल्या काळ्या पोराला विरोध केला? लगेच एलिसच्या रांगेत उभं करायची गरज नाही.

मेधा_मॉरिसव्हिल

तुम्हाला वर्णद्वेषी म्हटलेलं नाही. पण पहाटेची बस बहुतेक वेळा गरीब वस्त्यांतल्या पोरांच्या वाट्याला येते, तेव्हा कोणी याचिका करत नाही. त्यांच्याकडे सही गोळा करायला वेळ असलेले आईबाप नसतात.

वऱ्हाडी_ठेचा

दोघंही खरं बोलून राहिले. आता लागलं भांडण बरोबर जागी.

केरीकर_केशव

एक_बाप, रिडिक असता तर त्यानं तुम्हाला आणि मेधाताईंना एका कमिटीचे अध्यक्ष केलं असतं, आणि डोळे वटारून सांगितलं असतं की दहाव्या दिवशी बसचं वेळापत्रक लिहून द्या. चेष्टा करत नाही. शाळांची नवी आखणी होते तेव्हा बोर्डाच्या जाहीर सुनावण्या असतात. तिथं आपण जातो ते स्वतःच्या नोडपुरते तीन मिनिटं बोलायला. त्याऐवजी ज्या वस्तीची पोरं आपल्या शाळेत येणार आहेत तिथल्या चार पालकांना आधी भेटून, पहाटेची बस कोणाच्याच वाट्याला येऊ नये असा एकच अर्ज केला तर? चर्चच्या तळघरात बसू. भजी मी आणतो.

सांख्यिकी_सखाराम

चार कुटुंबांवरून निष्कर्ष काढता येणार नाही. पण भज्यांसाठी येतो.

सावित्रीची_लेक

जागा त्यांच्या वस्तीत असू द्या, आणि तारीख त्यांना विचारून. आपण ठरवून त्यांना 'बोलावणं' ही पहिली पायरीच चुकेल.

एक_बाप

कल्पना वाईट नाही. पण मी आलो तर माझ्या पोराच्या बसबद्दलच बोलणार, आधीच सांगतो. सुनावणीची माहिती कुठं मिळते ते इथं टाका. शनिवार नको, शनिवारी लीगची मॅच असते.

शाळामास्तरीण

त्या लीगमध्ये देसी सोडून किती जण खेळतात हो?

एक_बाप

एक जमैकन आहे. त्याची बॉलिंग खेळता येत नाही कोणाला. त्याला विचारतो, त्याचाही पोरगा आमच्याच शाळेत आहे बहुतेक.